प्रीलोडला किमान आठवडा द्या

नवा मोठा गेम जाहीर झाला की माझा धाकटा भाऊ आधी ट्रेलर बघतो. मी दोन गोष्टी शोधते: साइज किती आणि प्रीलोड कधीपासून. रिलीजची तारीख महिनोन्‌महिने आधी कानीकपाळी ओरडून सांगतात. या दोन गोष्टी मात्र शेवटच्या आठवड्यात कुठेतरी बारीक अक्षरांत येतात, आणि पुष्कळदा उत्तर असतं: रिलीजच्या ४८ तास आधी. ते वाचलं की माझं डोकं तापतं. का तापतं ते आज नीट लिहायचं ठरवलंय, कारण गेमिंगवाल्यांमध्ये ग्राफिक्स, फ्रेमरेट, किंमत यांवर रात्र-रात्र वाद होतात, पण गेम घरात पोचतो कसा यावर कुणी बोलत नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. कन्सोलवर, म्हणजे टीव्हीला जोडून खेळायच्या प्लेस्टेशन-एक्सबॉक्ससारख्या यंत्रावर, डिजिटल (डिस्कशिवायचा) गेम आधीच घेऊन ठेवला, की रिलीजच्या काही दिवस आधी त्याच्या फाइल्स डाउनलोड करून ठेवता येतात. हेच प्रीलोड. फाइल्स घरात आल्या तरी कुलूपबंद असतात. गेमच्या टाइलवर, म्हणजे पडद्यावरच्या त्याच्या चौकोनी चित्रावर, उलटी मोजणी चालू असते, आणि ठरलेली वेळ झाली, स्टोअरकडून लायसन्स लागू झालं की गेम उघडतो. शंभर-शंभर जीबीचं ओझं आधीच वाहून झालेलं असतं. त्या रात्री यायचा असतो तो अगदी छोटासा परवाना.

आमचे अण्णा तुर्भ्याच्या कांदा-बटाटा मार्केटात माथाडी होते. कोपरखैरण्यातलं आमचं घरही माथाडी वसाहतीतलंच. टीव्हीसमोर कन्सोल रात्रभर का चालू आहे असं त्यांनी विचारलं तेव्हा मी हे सगळं त्यांना सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे गाडी रात्रीच खाली करून गाळ्यावर थप्पी लावायची, सौदा सकाळी. मग तसं बोल की, पोरी." याहून नेमकं मला आजवर कुणाला सांगता आलेलं नाही. जुन्नर-नाशिककडच्या गाड्या सौद्याच्या वेळेला एकदम आल्या तर मार्केटच्या गेटवर काय होईल, हे अण्णांना मी समजावून सांगायची गरज नव्हती.

ही सोय मुळात कन्सोलवाल्यांनी आणलेली नाही. पीसीवर स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानाने २००४ मध्ये 'हाफ-लाइफ २' साठी ती केली. गेमच्या एन्क्रिप्ट केलेल्या, म्हणजे किल्लीशिवाय न उघडणाऱ्या फाइल्स लोकांनी आधीच उतरवून ठेवल्या होत्या, आणि १६ नोव्हेंबर २००४ ला कुलूप उघडायचं होतं. त्या दिवशी सगळे एकदम किल्ली मागायला आले आणि सर्व्हरची दमछाक झाली. तरी निदान फाइल्स घरात होत्या. कन्सोलवर हे नीट रुळायला आणखी दहा वर्षं लागली. सोनीचा प्लेस्टेशन ४, म्हणजे पीएस४, नोव्हेंबर २०१३ मध्ये अमेरिकेत आला, जानेवारी २०१४ मध्ये आपल्याकडे आला, आणि प्रीलोड मिळालं एप्रिल २०१४ च्या अखेरीस आलेल्या १.७० या अपडेटमध्ये. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स वनवर त्याच वर्षी थोडं मागाहून, 'फिफा १५' आणि 'फोर्झा होरायझन २' च्या सुमाराला. त्याआधी डिजिटल गेम घ्यायचा म्हणजे बहुतेकदा रिलीजच्या दिवशी पैसे भरायचे आणि मग बघत बसायचं.

त्या काळात आमच्या घरी लोकल केबलवाल्याचं इंटरनेट होतं. महिन्याचा कोटा संपला की वेग ५१२ केबीपीएसवर यायचा. ५१२ केबीपीएस म्हणजे सेकंदाला ६४ केबी. ४० जीबीचा गेम या वेगाने उतरायला सात दिवसांहून जास्त लागतात, तेही कनेक्शन एकदाही न तुटता आणि घरातल्या दुसऱ्या कुणी व्हॉट्सअॅपसुद्धा न उघडता. आणि सरकारी व्याख्येत हे ब्रॉडबँडच होतं. किमान वेगाची ती अट ५१२ केबीपीएसवरून २ एमबीपीएसवर गेली थेट जानेवारी २०२३ मध्ये. मी कॉलेजात होते. गेम आला, पोरं त्यावर बोलून मोकळी झाली, शेवट काय आहे तेही फोडून झालं, आणि आमच्याकडे डाउनलोडची पट्टी अजून निम्म्यावर. तेव्हापासून प्रीलोड हा विषय माझ्या डोक्यात बसला तो बसलाच.

आता फायबर आहे. १०० एमबीपीएस म्हणजे सेकंदाला साडेबारा एमबी, म्हणजे शंभर जीबीचा गेम सव्वादोन तासांत. कागदावर. प्रत्यक्षात संध्याकाळी आईची मालिका मोबाइलवर चालू असते, धाकट्याची ऑफिसची मीटिंग असते, वरच्या मजल्यावर काकांकडे पाहुणे आले की त्यांचेही फोन आमच्याच वाय-फायवर. तरीसुद्धा रात्रीत काम होतं. महिन्याची ३,३०० जीबीची मर्यादाही आमच्याच्याने संपत नाही. म्हणजे आमच्यापुरता प्रश्न सुटला. पण फक्त आमच्यापुरताच, आणि तिथेच खरी गोष्ट सुरू होते.

मी महाप्यात एका डेटा सेंटरमध्ये नेटवर्कच्या शिफ्टला असते. नवी मुंबईबाहेरच्यांना कल्पना नसेल, पण ऐरोलीपासून तुर्भ्यापर्यंत ठाणे-बेलापूर रोडच्या कडेचा हा एमआयडीसीचा पट्टा झपाट्याने बदललाय. जिथे केमिकलचे आणि औषधांचे कारखाने होते, तिथे आता खिडक्या नसलेल्या उंच इमारती आहेत. बाहेरून पाहिलं तर फक्त चिलर आणि जनरेटरचा आवाज. तुम्ही घरी बसून जे काही बघता, मागवता, डाउनलोड करता, त्यातलं बरंच काही अशाच इमारतींतून तुमच्यापर्यंत येतं. मोठ्या गेमची फाइल अमेरिकेतून किंवा जपानमधून प्रत्येक घरासाठी वेगळी निघत नाही. तिच्या प्रती जागोजागच्या सर्व्हरवर ठेवलेल्या असतात आणि तुमच्या कन्सोलला त्यातल्या त्यात जवळची प्रत मिळते.

मी ज्या ग्राफसमोर बसते त्याचा रोजचा आकार मला तोंडपाठ आहे. रात्री नऊ ते अकरा उंचवटा. क्रिकेटची मोठी मॅच असेल तर तो आणखी वर जातो. बारानंतर उतार, आणि पहाटे तीन ते सहा सगळं सपाट. त्या तीन तासांत एवढी जागा मोकळी पडलेली असते की रोज बघूनही हळहळ वाटते. प्रीलोडने नेमकी हीच जागा वापरायची असते. खिडकी, म्हणजे प्रीलोड उघडल्यापासून रिलीजपर्यंतची मुदत, आठवड्याची असेल तर लोक आपापल्या सोयीने, रात्री झोपताना डाउनलोडला लावतात आणि भार पसरतो. खिडकी दोन दिवसांची असली की सगळे त्याच दोन संध्याकाळी तुटून पडतात. खिडकीच नसली तर रिलीजच्या तासाला. कंपनीचाही यात तोटाच आहे.

मार्च २०२० आठवतो? सगळं जग घरात बसलं आणि नेटवर्कवर ताण आला, तेव्हा सोनीने आधी युरोपात आणि मग अमेरिकेत जाहीर केलं की गेम डाउनलोड थोडे हळू किंवा उशिरा होतील. ऑनलाइन खेळणं नीट चालू राहील, पण डाउनलोडचा वेग आवरता घेऊ. मला तो निर्णय पटला होता. हॉस्पिटलं, शाळा, बँका सगळे त्याच तारांवर होते. पण त्यातून एक गोष्ट स्पष्ट झाली. या कंपन्यांना पक्कं ठाऊक आहे की गेमची डाउनलोड्स ही नेटवर्कवरची मोठी गर्दी आहे आणि ती वेळेत पसरवता येते. मग रिलीजच्या आठवड्यात हे शहाणपण कुठे जातं?

आता माझ्या मामेभावाबद्दल. हा विषय मला एवढा लागतो तो त्याच्यामुळे.

आमचं मूळ गाव पाटण तालुक्यात, कोयनेच्या खोऱ्यात. मामेभाऊ तिथेच असतो, सकाळ-संध्याकाळ दूध संकलन केंद्रावर काम करतो. त्याच्याकडे तेव्हा सेकंडहँड पीएस४ होता, आणि त्याचा डिस्क ड्राइव्ह घेतल्यापासून कुरकुरत होता, नंतर बंदच पडला. म्हणजे डिजिटल गेमशिवाय इलाज नव्हता. गावात वायरचं इंटरनेट नव्हतं. मोबाइलची रेंज घरामागच्या बांधावर गेलं की दोन कांड्या. महिन्यातून एखादा गेम, तोही जुना, तो आमच्याकडे आला की उतरवून घ्यायचा.

'रेड डेड रिडेम्प्शन २' हा २६ ऑक्टोबर २०१८ चा गेम. पीएस४ वर जवळपास ९९ जीबी. डिस्कवर घेणाऱ्यांनासुद्धा दोन डिस्का मिळाल्या होत्या, एक डेटाची आणि एक खेळायची. त्याचं प्रीलोड आठवडाभर आधी उघडलं आणि आमच्या मामेभावाचं नशीब उघडलं. केंद्रावर बदली माणूस लावून, पीएस४ टॉवेलमध्ये गुंडाळून, सॅकमध्ये घालून तो पाटणहून एसटीने आला. वाशीला हायवेवर उतरला तेव्हा सॅक पाठीवर नव्हती, पोटाशी धरलेली होती.

आमच्याकडे तेव्हा २० एमबीपीएस होतं. ९९ जीबीला सलग अकरा तास. राउटर वरच्या मजल्यावर, टीव्ही खाली. वाय-फायवर भरवसा नको म्हणून मी जिन्याच्या कठड्यावरून लॅनची वायर खाली सोडली होती. ती दारातून आत येत होती, त्यामुळे दार रात्रभर पूर्ण लावता येईना, तर आईने फटीत पायपुसणं दाबून ठेवलं. मामेभाऊ जमिनीवर गादी टाकून पट्टीकडे तोंड करून झोपला. पीएस४ रेस्ट मोडमध्ये टाकला की पुढच्या बाजूचा दिवा नारिंगी होतो आणि डाउनलोड आतल्या आत चालू राहतं. पण त्याला पट्टी बघायची होती, म्हणून कन्सोल चालूच ठेवला. पडद्यावर आधी 'उरलेला वेळ ३१ तास' असं आलं. तो हबकला. मी म्हटलं, थांब, सुरुवातीचा आकडा खोटा असतो. दहा मिनिटांनी तो तेरा तासांवर आला, मग अकरावर. अण्णा तेव्हा अजून कामावर जात होते. पहाटे निघताना त्यांनी पडद्याकडे पाहिलं आणि चप्पल घालता घालता मला विचारलं, "किती उतरली गाडी?" मी म्हटलं, निम्मी.

दुसऱ्या दिवशी दुपारी टाइलवर उलटी मोजणी आली. त्याने तिचा फोटो काढला, कन्सोल पुन्हा टॉवेलमध्ये गुंडाळला आणि संध्याकाळच्या गाडीने परत गेला. २६ तारखेला रात्री बारा वाजता त्याने बांधावर फोन ठेवून हॉटस्पॉट सुरू केला, घरातून जेमतेम सिग्नल पकडला, लायसन्स तपासलं गेलं आणि गेम उघडला. न्यूयॉर्क-लंडनमधला माणूस जो गेम खेळत होता, तोच, त्याच तारखेला, कोयनेच्या खोऱ्यातला एक दूध मोजणारा पोरगा खेळत होता. यासाठी कुणी खास योजना आखली नव्हती, अनुदान दिलं नव्हतं. फक्त प्रीलोडची खिडकी सात दिवसांची होती.

नंतर असे कितीतरी गेम आले ज्यांची खिडकी ४८ तासांची होती. बुधवारी उघडणार, शुक्रवारी रिलीज. आठवड्याच्या मध्यात त्याला केंद्र सोडता येत नाही, गाईम्हशींना सुट्टी नसते. तो मग पुढच्या महिन्यात येतो, किंवा येतच नाही. दोन दिवस आणि सात दिवस यांतला फरक ऐरोलीच्या टॉवरमध्ये राहणाऱ्याला जाणवणारही नाही. सह्याद्रीच्या पलीकडे राहणाऱ्याला तो फरक म्हणजे गेम मिळणं किंवा न मिळणं असतो.

थोडं कामाचंही सांगते. पीएस५ वर सेटिंग्जमध्ये सिस्टीम, मग पॉवर सेव्हिंग, त्यात रेस्ट मोडमधल्या सोयींमध्ये 'इंटरनेटशी जोडलेलं राहा' हे चालू आहे ना ते बघा. हे बंद असलं तर रात्री कन्सोल झोपतो आणि डाउनलोडही झोपतं. जागा आधी मोकळी करा. पहिल्या पीएस५ वर ८२५ जीबी लिहिलेलं असतं, वापरायला मिळतात ६६७. एक्सबॉक्स सीरिज एसवर ५१२ पैकी ३६४. पीएस४ वाल्यांनी तर गेमच्या साइजपेक्षा बरीच जास्त जागा ठेवावी, कारण तिथे अपडेट उतरल्यावर कॉपी करण्याचं काम वेगळं चालतं आणि त्याला स्वतःची जागा लागते. जागा कमी पडली की कन्सोल मध्यरात्री थांबतो आणि सकाळी तुम्हाला नुसता संदेश दिसतो. एकाच गेमच्या पीएस४ आणि पीएस५ अशा दोन आवृत्त्या विकत घेतलेल्या असतील तर कुठली डाउनलोडला लागली आहे ते टाइलवर नीट वाचा, कारण पीएस५ वर दोन्ही उतरतात. आणि प्रीलोड झालं तरी रिलीजच्या दिवशी डे वन पॅच, म्हणजे पहिल्याच दिवशीची दुरुस्तीची फाइल, येऊ शकतो, त्यामुळे बाराच्या आधी एकदा अपडेट तपासा.

वेळेचा घोळ वेगळाच. प्लेस्टेशनवर बरेच गेम त्या-त्या देशातल्या रात्री बाराला उघडतात, म्हणजे आपल्याकडे आपल्याच बाराला. काही गेम सगळ्या जगात एकाच क्षणी उघडतात. 'स्टारफील्ड' चा आगाऊ प्रवेश १ सप्टेंबर २०२३ ला आपल्याकडे पहाटे साडेपाचला उघडला. अण्णांच्या सवयीच्या घरात ती वेळ काही अवघड नाही. एक्सबॉक्सवर काही जण कन्सोलचा देश न्यूझीलंड करून ठेवतात, म्हणजे स्थानिक मध्यरात्रीला उघडणारा गेम आपल्या आदल्या संध्याकाळीच सुरू होतो. मला त्याची फारशी हौस नाही.

'स्टारफील्ड' चं नाव निघालंच आहे तर हेही सांगते. एक्सबॉक्सवर त्याचं प्रीलोड १७ ऑगस्टला उघडलं होतं, म्हणजे आगाऊ प्रवेशाच्याही पंधरा दिवस आधी. शंभर जीबीच्या आसपासचा गेम. म्हणजे हे करता येतं. ज्यांना करायचं असतं ते करतात.

एक्सबॉक्सची दुसरी एक गोष्ट मला फार आवडते. त्यांच्या मोबाइल अॅपवरून काही गेम विकत न घेताच आधी इन्स्टॉल करून ठेवता येतात. फाइल्स घरात, निर्णय तुमचा. पैसे नंतर भरा, किंवा भरू नका. प्लेस्टेशनवर प्रीलोड म्हणजे प्री-ऑर्डर हे समीकरण घट्ट आहे, आणि त्याच्यावर माझा खरा राग आहे. नव्या मोठ्या गेमला ४,९९९ रुपये. आमच्या वसाहतीत ही रक्कम कुणी सहज खर्च करत नाही. धाकटा वॉलेटमध्ये गिफ्ट कार्डं भरून दोन-तीन महिन्यांत पैसे साठवतो. असा माणूस रिव्ह्यू वाचून गेम घेणार, आणि त्याने तसंच करावं. पण रिव्ह्यू येतात रिलीजच्या एखाद-दोन दिवस आधी, कधी त्याच दिवशी. तोवर थांबलं तर प्रीलोड हुकतं. प्रीलोड साधलं तर न बघता पैसे गेले. ज्याचं नेट मंद, त्यालाच डोळे मिटून पैसे भरायला लावणारी ही व्यवस्था आहे.

आणि डोळे मिटून पैसे भरल्यावर काय होतं ते सगळ्यांनी पाहिलंय. 'सायबरपंक २०७७' १० डिसेंबर २०२० ला आला. आधी आलेले रिव्ह्यू पीसीवरच्या आवृत्तीचे होते, कन्सोलची आवृत्ती समीक्षकांना आधी दिलीच नव्हती. लोकांनी प्रीलोड करून, मध्यरात्री जागून तो पीएस४ वर उघडला आणि समोर काय आलं हे आता इतिहासात जमा आहे. आठवड्याभरात सोनीने तो स्टोअरवरून काढून टाकला, पैसे परत दिले, आणि तो परत आला २१ जून २०२१ ला. एरवी प्लेस्टेशन स्टोअरवर डाउनलोड सुरू केलं की पैसे परत मागायचा हक्क साधारण संपतो, गेम सदोष असेल तरच अपवाद. म्हणून मी जवळच्या सगळ्यांना एकच सांगते: नेट बरं असेल तर रिव्ह्यूची वाट बघा, प्रीलोडसाठी प्री-ऑर्डर करू नका. नेट मंद असेल तर ज्या स्टुडिओचं आधीचं काम हाताखालून गेलंय त्याच्यावरच पैसे लावा.

डिस्कवाल्यांचं म्हणणं मला मान्य आहे. डिस्क विकता येते, मित्राला देता येते, वाशीत सेक्टर १७ मध्ये जाऊन हातात घेता येते. धाकट्याकडे अजून डिस्का आहेत. पण डिस्कवरचा गेम कारखान्यात छापायला गेला तो रिलीजच्या कितीतरी आधी, त्यामुळे पहिल्याच दिवशी पॅच उतरवावा लागतो, आणि तालुक्याच्या गावात डिस्क रिलीजच्या दिवशी मिळेल याची खात्री नाही. शिवाय बिनड्राइव्हचे कन्सोल घराघरात पोचलेत. रस्ता डिजिटलकडेच चाललाय, तर तो रस्ता नीट हवा.

कंपन्या खिडकी छोटी ठेवतात त्याची दोन कारणं सांगितली जातात. एक, फाइल्स आधी दिल्या तर लोक त्या उकलून गोष्ट फोडतील. पण फाइल्स एन्क्रिप्ट असतात, म्हणून तर किल्ली लागते. उलट 'गॉड ऑफ वॉर रॅग्नारोक' चं पाहा. तो ९ नोव्हेंबर २०२२ चा, आणि त्यातले प्रसंग ऑक्टोबरअखेरीलाच नेटवर फिरायला लागले, ते दुकानातून वेळेआधी विकल्या गेलेल्या डिस्कांमुळे. दुसरं कारण, शेवटच्या दिवसापर्यंत दुरुस्त्या चालू असतात. हे खरं आहे, मी तंत्राच्या क्षेत्रात आहे, शेवटच्या रात्रीची धावपळ मला कळते. पण दुरुस्ती काही जीबींची असते. नव्वद जीबीचा पाया आधी द्या, वरचे पाच नंतर द्या. माझ्या मामेभावाला पाच जीबी बांधावरून दोन-तीन रात्रींत उतरवता येतात, नव्वद येत नाहीत.

म्हणून माझी मागणी मोजकी आहे. खिडकी किमान सात दिवसांची, म्हणजे मध्ये एक शनिवार-रविवार येतो आणि ज्याला दुसऱ्याच्या घरी जाऊन डाउनलोड करायचंय त्याला जाता येतं. साइज महिनाभर आधी जाहीर, म्हणजे जागा आणि डेटा यांचं गणित मांडता येतं. आणि पैसे न भरता फाइल्स घेण्याची मुभा सगळ्या कन्सोलवर. कुलूप तुमच्याच हातात आहे, घाबरायचं काय कारण?

पुढची मोठी परीक्षा 'जीटीए ६' ची. तारीख दोनदा पुढे गेली, आत्ता १९ नोव्हेंबर २०२६ ठरलेली आहे, गुरुवार. दिवाळी तोवर उरकलेली असेल. 'रेड डेड' ज्या रॉकस्टार कंपनीचा, तिचाच हा, आणि तेव्हा तिने आठवडा दिला होता, म्हणून मला आशा आहे. मामेभावाने गेल्या वर्षी पीएस४ काढून पीएस५ घेतला, बिनड्राइव्हचा. गावात फायबरचे खांब रस्त्यापर्यंत आलेत, घरापर्यंत नाही. जुना पीएस४ सॅकमध्ये मावायचा, याला मोठी बॅग लागेल. केंद्रावरच्या बदली माणसाशी तो आत्ताच बोलून ठेवतोय, फक्त कुठले दोन दिवस हवेत ते त्याला सांगता येत नाही. रॉकस्टारने प्रीलोडची तारीख लवकर सांगितली तर एसटीचं रिझर्व्हेशन मी इथूनच करून टाकीन.